इंग्रजीतील दुर्मीळ शब्द : व्याख्या आणि उच्चार यांची कोशीय चिकित्सा

सारांश

इंग्रजीतील अपरिचित व दुर्मीळ शब्दांचे संग्रह महाविद्यालयीन विद्यार्थ्यांत आणि स्पर्धा परीक्षांच्या उमेदवारांत लोकप्रिय आहेत. या संग्रहांत प्रत्येक शब्दापुढे एक छोटी व्याख्या आणि एक निश्चित उच्चार दिलेला असतो. या दोन्हींचा आधार कोणता, हा प्रश्न मात्र फारसा विचारला जात नाही. प्रस्तुत निबंधात इंग्रजी कोशपरंपरेच्या आधारे या प्रश्नाची चिकित्सा केली आहे. दुर्मीळता एकाच प्रकारची नसते. व्यवसायाच्या बोलीत जिवंत राहिलेला शब्द आणि केवळ ग्रंथात उरलेला शब्द यांच्या उच्चारांचे प्रामाण्य भिन्न असते, आणि या भेदाकडे दुर्लक्ष झाल्यामुळे अध्यापनात अन्याय घडतो, असे येथे प्रतिपादन केले आहे.

बीजसंज्ञा : कठीण शब्दांचे कोश, व्याख्या, लेखनानुसारी उच्चार, भूतशब्द, लिप्यंतर

१. प्रास्ताविक

एखाद्या भाषेचे ज्ञान म्हणजे त्या भाषेतील कठीण शब्दांचे ज्ञान, ही समजूत फार जुनी आहे. आपल्याकडे इंग्रजीच्या बाबतीत ती विशेष दृढ झाली, कारण इंग्रजी ही प्रतिष्ठेची, नोकरीची आणि परीक्षेची भाषा राहिली. नॉर्मन लुईस यांचे ‘वर्ड पॉवर मेड ईझी’ हे १९४९ साली अमेरिकेत प्रसिद्ध झालेले पुस्तक आजही आपल्या शहरांतील पुस्तकांच्या दुकानांत सहज मिळते. अलीकडच्या काळात शशी थरूर यांनी २०१७ साली वापरलेला ‘फरागो’ आणि २०१८ साली वापरलेला ‘फ्लॉक्सिनॉसिनिहिलिपिलिफिकेशन’ हे शब्द देशभर चर्चेचा विषय झाले. २०२० साली त्यांचे त्रेपन्न शब्दांवरील ‘थरूरोसॉरस’ हे पुस्तकही आले.

या कुतूहलात गैर काही नाही. शब्दांविषयीचे प्रेम हा भाषाशिक्षणाचा पायाच होय. परंतु शब्दसंग्रह ज्या आत्मविश्वासाने व्याख्या आणि उच्चार देतात, तो आत्मविश्वास मूळ कोशकारांनाही नव्हता, हे लक्षात घेतले पाहिजे. मराठी माध्यमातून आलेला विद्यार्थी वर्गात असा एखादा शब्द वाचताना अडखळतो आणि हशा पिकतो, तेव्हा त्या हशामागे एक गृहीतक असते : शब्दाचा एक शुद्ध उच्चार आहे आणि तो इतरांना ठाऊक आहे. हे गृहीतक कितपत खरे आहे, हे तपासणे हा या निबंधाचा हेतू आहे.

२. कठीण शब्दांच्या कोशांची परंपरा

इंग्रजी–इंग्रजी कोशांचा प्रारंभच कठीण शब्दांपासून झाला. सोळाव्या शतकात लॅटिन व ग्रीक भाषांतून इंग्रजीत शब्दांची मोठी आवक झाली. या नव्या शब्दांना विरोधकांनी ‘दौतीतले शब्द’ अशा अर्थाचे हेटाळणीचे नाव दिले. टॉमस विल्सन याने १५५३ सालच्या आपल्या वक्तृत्वशास्त्रावरील ग्रंथात अशा भाषेची टर उडवली. तरीही शब्द येत राहिले आणि ते समजून घेण्याची गरज निर्माण झाली.

ही गरज भागवण्यासाठी रॉबर्ट कॉड्री या शिक्षकाने १६०४ साली सुमारे अडीच हजार शब्दांचा एक छोटा कोश प्रसिद्ध केला. लॅटिन न शिकलेल्या स्त्रिया व अन्य वाचक यांच्यासाठी तो असल्याचे त्याने मुखपृष्ठावरच नमूद केले. त्यातील व्याख्या बहुधा एका-दोन प्रतिशब्दांच्या होत्या. १६२३ साली हेन्री कॉकरम याचा कोश आला. त्याने कठीण शब्दांचे सोपे अर्थ दिले, इतकेच नव्हे, तर सामान्य शब्दांना भारदस्त पर्याय पुरवणारा स्वतंत्र विभागही जोडला. म्हणजे कोश आता समजण्याचे साधन न राहता मिरवण्याचेही साधन झाला. कॉकरमच्या कोशातील अनेक शब्द अन्यत्र कोठेही वापरलेले आढळत नाहीत. आजच्या दुर्मीळ शब्दांच्या संग्रहांचा खरा पूर्वज कॉड्रीपेक्षा कॉकरमच ठरतो.

सॅम्युअल जॉन्सन याच्या १७५५ सालच्या कोशाने ही दिशा बदलली. बेचाळीस हजारांहून अधिक नोंदींच्या या कोशात त्याने साहित्यातील अवतरणांचा पुरावा जोडला. शब्द अस्तित्वात आहे हे सांगण्यासाठी तो कोणीतरी वापरला असल्याचे दाखवले पाहिजे, हे तत्त्व इंग्रजी कोशकार्यात येथून रूढ झाले. १८५७ साली रिचर्ड ट्रेंच यांनी तत्कालीन कोशांच्या उणिवांवर व्याख्याने दिली. त्यांतून जी योजना उभी राहिली, तिचे फलित म्हणजे ऑक्सफर्ड इंग्रजी कोश होय. त्याचा पहिला भाग १८८४ साली आणि अखेरचा १९२८ साली प्रसिद्ध झाला.

३. व्याख्येचा प्रश्न

दुर्मीळ शब्दाची व्याख्या करणे सोपे असते आणि सामान्य शब्दाची कठीण, हे जॉन्सनने ओळखले होते. ‘जाळे’ या अर्थाच्या साध्या शब्दाची व्याख्या करताना त्याला मूळ शब्दापेक्षा कितीतरी दुर्बोध शब्द वापरावे लागले, याची थट्टा आजही होते. त्यामागची अडचण मात्र खरी होती : सर्वांत सोप्या शब्दापेक्षा सोपा शब्द आणायचा कोठून? दुर्मीळ शब्दाच्या बाबतीत ही अडचण नसते. एखादा परिचित शब्द समोर ठेवला की व्याख्या झाली. हा सोपेपणाच फसवा असतो, कारण त्यात शब्दाचे वेगळेपण हरवते.

‘अल्ट्राक्रेपिडेरियन’ हा शब्द घ्या. संग्रहांत त्याचा अर्थ ‘आपल्या अधिकाराबाहेरील विषयावर मत देणारा’ असा मिळतो. तो चुकीचा नाही, पण अपुरा आहे. प्लिनीने चित्रकार अपेलीझची एक कथा सांगितली आहे. चित्रातील पादत्राणाची चूक एका चर्मकाराने दाखवली आणि अपेलीझने ती सुधारली. उत्तेजन मिळालेला चर्मकार पुढे चित्रातील पायाविषयीही बोलू लागला, तेव्हा चर्मकाराने पादत्राणाच्या वर जाऊ नये, असे अपेलीझने त्याला सुनावले. या लॅटिन म्हणीवरून साधलेला हा शब्द विल्यम हॅझलिट याने १८१९ साली विल्यम गिफर्ड या संपादक-समीक्षकाला उद्देशून लिहिलेल्या जाहीर पत्रात वापरला. शब्दात एक वर्गीय दंश आहे आणि तो समीक्षकावरच उलटवलेला आहे. ही वादाची पार्श्वभूमी वगळली, तर उरतो तो केवळ ‘आगंतुक तज्ज्ञ’ या अर्थाचा एक लांबलचक पर्याय.

‘फ्लॉक्सिनॉसिनिहिलिपिलिफिकेशन’ची स्थितीही अशीच आहे. एकोणतीस अक्षरांच्या या शब्दाचा अर्थ ‘एखादी गोष्ट कवडीमोल ठरवणे’ असा सांगितला जातो. पण हा शब्द मुळात शाळकरी विनोद आहे. ईटन येथील लॅटिन व्याकरणात ‘काडीचीही किंमत न देणे’ या अर्थाच्या प्रयोगांसाठी लागणाऱ्या षष्ठ्यन्त रूपांची यादी होती. लोकरीचा पुंजका, क्षुल्लक वस्तू, शून्य आणि केस या अर्थांची ती चार रूपे एकापुढे एक जोडून त्यांना भाववाचक प्रत्यय लावला आणि हा शब्द तयार झाला. विल्यम शेन्स्टन याच्या १७४१ सालच्या पत्रात तो प्रथम आढळतो. आपणही ‘कवडीची’, ‘तिळाएवढी’, ‘दमडीची’ किंमत म्हणतो. या सर्वांची मोळी बांधून एखाद्या विद्यार्थ्याने एक शब्द केला असता, तर तो गंभीरपणे पाठ करण्याची आपल्याला गरज वाटली नसती.

व्याख्येतील सूक्ष्म फरक कसे पुसले जातात, याचे सर्वांत बोधप्रद उदाहरण ‘पेट्रिकॉर’ हे होय. इझाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड टॉमस या ऑस्ट्रेलियन शास्त्रज्ञांनी १९६४ साली ‘नेचर’ या नियतकालिकातील लेखात हा शब्द प्रथम वापरला. संग्रहांत त्याचा अर्थ ‘पहिल्या पावसानंतरचा मातीचा सुगंध’ असा असतो आणि मराठीत ‘मृद्गंध’ असा प्रतिशब्द तत्काळ दिला जातो. तथापि शब्दाचे घटक पाहता ‘पेट्रा’ म्हणजे खडक आणि ‘आयकॉर’ म्हणजे ग्रीक पुराणकथांतील देवांच्या धमन्यांतून वाहणारा द्रव. हा गंध केवळ चिकणमातीचा नाही, तर कोरड्या खडकांपासूनही मिळतो, हे सुचवण्यासाठीच लेखकद्वयाने नवे नाव घेतले होते. उत्तर प्रदेशातील कनौज येथे हाच गंध चंदनाच्या तेलात उतरवून अत्तर बनवतात, याचीही नोंद त्यांनी घेतली होती. पुढच्याच वर्षी, १९६५ साली, मातीतील सूक्ष्मजीव निर्माण करतात त्या गंधद्रव्याला ‘जिऑस्मिन’ हे नाव मिळाले. त्यातील ग्रीक घटकांचा अर्थ ‘पृथ्वी’ आणि ‘गंध’ असा आहे. म्हणजे व्युत्पत्तीच्या दृष्टीने ‘मृद्गंध’ हा ‘जिऑस्मिन’ला जवळचा आहे, ‘पेट्रिकॉर’ला नाही. शिवाय विंदा करंदीकरांचा ‘मृद्गंध’ हा काव्यसंग्रह १९५४ सालचा, म्हणजे ‘पेट्रिकॉर’च्या दहा वर्षे आधीचा आहे. त्यामुळे ‘मृद्गंध’ला ‘पेट्रिकॉर’चा अनुवाद मानण्याची प्रथा कालक्रमालाही धरून नाही.

४. कोशात आहे, भाषेत नाही

ऑक्सफर्ड कोशाने दुर्मीळतेचे मोजमाप करण्यासाठी एक नेमकी खूण वापरली. ‘दुर्मीळ’ या शेऱ्याला ‘उणे एक’ असा अंक जोडला असेल, तर त्या शब्दाचा एकच प्रयोग सापडला आहे, असे समजावयाचे. ‘उणे शून्य’ असेल, तर प्रत्यक्ष प्रयोग एकही नाही आणि शब्द केवळ पूर्वीच्या कोशांत नोंदलेला आहे. संपादक जेम्स मरी यांनी प्रसंगापुरत्या घडवलेल्या शब्दांसाठी एक स्वतंत्र संज्ञाही योजली. दुर्मीळ शब्दांचे लोकप्रिय संग्रह बहुधा याच कोशांतून शब्द उचलतात, पण या खुणा मात्र मागे ठेवतात. परिणामतः शंभर लेखकांनी वापरलेला शब्द आणि कोणीही न वापरलेला शब्द एकाच पंक्तीत बसतात.

याहून पुढची पायरी म्हणजे भूतशब्द. ही संज्ञा वॉल्टर स्कीट यांनी १८८६ साली रूढ केली. लेखनिकाच्या किंवा मुद्रकाच्या चुकीतून निर्माण झालेला आणि कधीही अस्तित्वात नसलेला शब्द म्हणजे भूतशब्द. ‘ॲबकॉट’ हा त्याचा प्रसिद्ध नमुना. ‘बायकॉकेट’ या एका प्रकारच्या टोपीच्या नावाचे एकवचनी उपपद शब्दाला चिकटले, पुढे अक्षरे गळाली, आणि ‘राजाची दुहेरी मुकुटाच्या आकाराची टोपी’ अशा थाटाच्या व्याख्येसह हा शब्द कोशामागून कोशांत उतरत राहिला.

विसाव्या शतकातील ‘डॉर्ड’चे उदाहरण अधिक उद्बोधक आहे. वेब्स्टरच्या १९३४ सालच्या कोशात ‘घनता’ या अर्थाने हा शब्द छापला गेला. वस्तुतः ती ‘डी’ या अक्षराचे मोठे किंवा लहान रूप घनतेसाठी वापरतात, असे सांगणारी चिठ्ठी होती. मधला ‘किंवा’ या अर्थाचा शब्द अक्षरांत मिसळला गेला. १९३९ साली या नोंदीला व्युत्पत्ती नाही, हे एका संपादकाच्या लक्षात आले आणि १९४७ साली ती वगळली गेली. येथे मुद्दा असा की, या नसलेल्या शब्दाला व्याकरणिक कोटी होती, अर्थ होता आणि उच्चारही होता. तो कोणीही उच्चारला नव्हता, तरी लेखनावरून उच्चार तयार झाला.

व्युत्पत्ती असली म्हणजे शब्द खरा, असेही म्हणता येत नाही. न्यू ऑक्सफर्ड अमेरिकन कोशाच्या २००१ सालच्या आवृत्तीत ‘एस्क्विव्हेलियन्स’ हा शब्द ‘कर्तव्य हेतुपुरस्सर टाळणे’ या अर्थाने आणि फ्रेंच व्युत्पत्तीसह दिलेला होता. मजकुराची चोरी पकडण्यासाठी तो मुद्दाम पेरल्याचे २००५ साली उघड झाले. आडात नाही ते पोहऱ्यात येत नाही, अशी आपली म्हण आहे. कोशांच्या बाबतीत मात्र पोहऱ्यात आले म्हणून ते आडात होतेच, असे धरून चालत नाही. प्रयोगाचा पुरावा हीच एकमेव विश्वसनीय कसोटी राहते.

५. उच्चाराचा प्रश्न : कानाचे शब्द आणि डोळ्यांचे शब्द

जॉन्सनने आपल्या कोशात केवळ आघाताची खूण दिली, पूर्ण उच्चार दिला नाही. टॉमस शेरिडन (१७८०) आणि जॉन वॉकर (१७९१) यांनी उच्चारकोश रचले. वॉकरने स्वरांवर अंक टाकून उच्चार दर्शवले. एकोणिसाव्या शतकात त्याचा कोश पुनःपुन्हा छापला गेला. ज्यांना लंडनच्या सुशिक्षित समाजात जन्म मिळाला नव्हता, त्यांना ‘शुद्ध’ बोलण्याची चिंता होती आणि या कोशांचा मोठा वाचकवर्ग त्यांचाच होता. डॅनियल जोन्स यांचा आधुनिक ध्वनिलिपीतील उच्चारकोश १९१७ साली आला.

दुर्मीळ शब्दांच्या उच्चारासंबंधी येथे एक मूलभूत भेद करणे आवश्यक आहे. काही शब्द सामान्य व्यवहारात दुर्मीळ असले, तरी एखाद्या व्यवसायात तोंडी चालत आलेले असतात. नौकानयनातील शब्द पाहावेत. जहाजावरील एका अधिकाऱ्याचे नाव बी, ओ, ए, टी, एस, डब्ल्यू, ए, आय, एन असे लिहितात, पण उच्चारतात ‘बोसन’. जहाजाच्या पुढील भागाचे नाव लेखनानुसार ‘फोरकासल’ असले, तरी खलाशांच्या तोंडी ते ‘फोक्सल’ होते. बोटीच्या काठाच्या नावातील उत्तरपद लेखनात ‘वेल’ दिसते, उच्चार मात्र ‘गनल’. हे कानाचे शब्द होत. त्यांचा उच्चार लेखनावरून कळणे अशक्य असते, आणि त्या उच्चारामागे एका बोलणाऱ्या समाजाचा पुरावा उभा असतो. अन्नसामग्री या अर्थाचा ‘विट्ल्ज’ हा शब्दही याच जातीचा. जुन्या फ्रेंचमधून आलेल्या या शब्दात पंडितांनी लॅटिनच्या आदरापोटी ‘सी’ हे अक्षर घुसवले. लेखन बदलले, जीभ बदलली नाही. ‘आरोप ठेवणे’ या अर्थाच्या ‘इंडाइट’ या शब्दातही हेच ‘सी’ मुके राहिले आहे.

याउलट ‘अल्ट्राक्रेपिडेरियन’सारखे शब्द डोळ्यांचे आहेत. ते लिहिले गेले, वाचले गेले, पण बोलले गेले नाहीत. त्यांचा ‘शुद्ध’ उच्चार म्हणजे सदृश शब्दांवरून केलेले अनुमान. ‘फ्लॉक्सिनॉसि…’ मधील ‘सी’ या अक्षराचा उच्चार ‘स’ करावा, हे इंग्लंडमधील शाळांच्या जुन्या लॅटिन वाचनपद्धतीवरून ठरते. प्राचीन रोमन उच्चाराप्रमाणे तेथे ‘क’ येईल. ‘आयकॉर’ हा शब्द एकटा असताना ‘आय’ने सुरू होतो. ‘पेट्रिकॉर’मध्ये त्याचा ऱ्हस्व ‘इ’ करावा की ‘पेट्रायकॉर’ म्हणावे, यावर इंग्रजी भाषकांतही एकवाक्यता नाही. अप्रचलित शब्दांना ऑक्सफर्ड कोशाच्या पहिल्या आवृत्तीत सामान्यतः उच्चार दिलेलाच नव्हता. हे मौन शास्त्रीय होते. जेथे पुरावा नाही तेथे कोशकाराने बोलू नये, हे त्यामागचे तत्त्व होय. लोकप्रिय संग्रह मात्र ही रिकामी जागा भरून काढतात आणि अनुमानाला नियमाचा दर्जा देतात.

सुशिक्षितांच्या वाचनामुळे कानाचे शब्दही डोळ्यांचे होऊ शकतात. कपाळ या अर्थाच्या इंग्रजी शब्दाचा जुना उच्चार ‘फॉरिड’ असा होता. लेखनाच्या प्रभावाने आज ‘फोरहेड’ सर्वत्र मान्य झाला आहे. म्हणजे आपल्या विद्यार्थ्याची जी ‘चूक’ मानली जाते, ती प्रक्रिया इंग्रजीच्या इतिहासात स्वतः इंग्रजी भाषकांनीच अनेकदा केलेली आहे.

६. देवनागरीतून उच्चार दाखवण्याच्या मर्यादा

मराठी वाचक अक्षर आणि ध्वनी यांच्या निकट संबंधाला सरावलेला असतो. म्हणून इंग्रजी शब्दाचा उच्चार देवनागरीत लिहिला की प्रश्न सुटला, असे त्याला वाटते. ‘ॲ’ आणि ‘ऑ’ या चिन्हांनी काही सोय झाली हे खरे. तरीही तीन उणिवा राहतात. पहिली, देवनागरीत आघात दर्शवण्याची रूढ खूण नाही. इंग्रजीत तर आघात बदलला की स्वरही बदलतो. दुसरी, आघातहीन अवयवांतील अस्फुट स्वराला ‘अ’ हेच चिन्ह वापरावे लागते आणि वाचक तो पूर्ण उच्चारतो. तिसरी, इंग्रजीतील दन्त्य घर्षक ध्वनींसाठी आपण ‘थ’ आणि ‘द’ वापरतो, तर वर्त्स्य स्पर्शांसाठी मूर्धन्य ‘ट’ आणि ‘ड’. हे प्रतिनिधित्व आहे, तादात्म्य नव्हे.

लुईस यांच्यासारख्या लेखकांनी रोमन अक्षरांतच उच्चारानुसार पुनर्लेखन करून आघातयुक्त अवयव ठळक केले. अमेरिकन वाचकाला ते उपयुक्त ठरते, कारण त्या अक्षरांचे मूल्य त्याच्या कानात आधीच असते. आपला विद्यार्थी त्या पुनर्लेखनाचेही अक्षरशः वाचन करतो आणि नवा उच्चार तयार होतो. याउलट ‘कर्नल’ हा शब्द मराठीत कानाने आला. मूळ लेखनात दोन ‘ओ’ आणि त्यांच्यामध्ये ‘एल’ असूनही ‘कोलोनेल’ असे कोणी म्हणाले नाही.

७. आपले शब्द इंग्रजीत दुर्मीळ होतात तेव्हा

या प्रश्नाची दुसरी बाजूही आहे. हेन्री यूल आणि ए. सी. बर्नेल यांच्या १८८६ सालच्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ या कोशात भारतीय भाषांतून इंग्रजीत गेलेल्या शब्दांचा संग्रह आहे. कोशाचे नावच मुहर्रममधील ‘या हसन, या हुसेन’ या घोषाचे इंग्रज सैनिकांच्या तोंडी झालेले रूप होय. त्यात ‘शिलेदार’ आणि ‘बारगीर’ हे दोन्ही शब्द येतात. घोडा स्वतःचा की सरकारचा, या भेदावर त्यांच्या व्याख्या उभ्या आहेत. दुर्मीळ शब्दाची व्याख्या कशी असावी, याचा हा चांगला नमुना आहे : शब्दाला एकटा न ठेवता त्याच्या जोडीदाराशी तुलना करून त्याचे स्थान निश्चित करणे.

इंग्रज वाचकाला हे शब्द डोळ्यांचे, आपल्याला कानाचे. तो ‘शिलेदार’चा उच्चार ‘सिलडार’ असा करील आणि त्याबद्दल त्याला कोणी हसणार नाही. आपला ‘मुंगूस’ इंग्रजीत गेला, त्याची अनेक लेखनरूपे झाली आणि अखेरीस त्याच्या शेवटी हंसवाचक इंग्रजी शब्दाचे लेखन येऊन बसले, तरी प्राण्याचा हंसाशी काहीही संबंध नाही. हे रूप आज इंग्रजीत पूर्णतः प्रमाण आहे. शब्द एका भाषेतून दुसऱ्या भाषेत जाताना बदलतो, हे इंग्रजीच्या बाबतीत आपण इतिहास म्हणून स्वीकारतो. आपल्या विद्यार्थ्याच्या बाबतीत मात्र त्यालाच अशुद्धता म्हणतो. ही विषमता भाषाशास्त्रीय नसून सामाजिक आहे.

८. निष्कर्ष

उपर्युक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात.

१) दुर्मीळ शब्दाची एका ओळीची व्याख्या बहुधा खोटी नसते, पण शब्द ज्यासाठी घडला ते वेगळेपण ती गाळते. प्रयोगाविना दिलेली व्याख्या अध्यापनात अपुरी मानावी.

२) शब्द कोशात आहे एवढ्यावरून तो भाषेत आहे असे सिद्ध होत नाही. त्याचे प्रयोग किती व कोणाचे, हा प्रश्न प्रथम विचारावा.

३) कानाच्या शब्दांचा परंपरागत उच्चार शिकवलाच पाहिजे, कारण तो तर्काने मिळत नाही. डोळ्यांच्या शब्दांच्या बाबतीत एकाहून अधिक उच्चार संभवतात, असे सांगणे हेच अधिक प्रामाणिक होय.

४) देवनागरी लिप्यंतर ही पहिली पायरी मानावी. आघाताची खूण आणि प्रत्यक्ष श्रवण यांची जोड तिला द्यावी.

५) शब्दसंग्रहाच्या चाचण्यांत दुर्मीळ शब्दांच्या पाठांतराला गुण देण्याऐवजी, विद्यार्थी अपरिचित शब्दाचा अर्थ संदर्भावरून कसा लावतो आणि कोशातील खुणा कशा वाचतो, याची परीक्षा घ्यावी.

जॉन्सनपासून मरीपर्यंतच्या कोशकारांनी पुरावा संपला तेथे थांबण्याची शिस्त पाळण्याचा प्रयत्न केला. त्यांच्या ग्रंथांतून शब्द उचलताना ती शिस्तही उचलावी लागेल. वर्गात एखादा विद्यार्थी अपरिचित शब्दापाशी अडखळला, तर त्याला दुरुस्त करण्यापूर्वी तो शब्द कानाचा आहे की डोळ्यांचा, हे प्राध्यापकाने स्वतःला विचारावे. त्याचे उत्तर मिळाल्यावर दुरुस्त करण्याजोगे त्या उच्चारात पुष्कळदा काही उरणारही नाही.